धुऱ्यावर चढलेला एकच माणूस

केशोरीच्या शाळेच्या आवारात सव्वीस जानेवारीला दगड बसायचा होता. काळा, पॉलिश केलेला, माणसाच्या कमरेएवढा उंच. त्याच्यावर शहीद नंदलाल वालदे हे नाव आणि नावाखाली दोन ओळी. नाव ठरलेलं होतं, दोन ओळींचं घोडं अडलं होतं. गोंदियाचा दगड कोरणारा दिवसातून तीनदा फोन करून ‘मॅडम, मॅटर भेज दो’ म्हणत होता, आणि आज संध्याकाळपर्यंत मजकूर आला नाही तर दगड सव्वीसला पोचणार नाही, असं त्याने निक्षून सांगितलं होतं.

अडतीस वर्षांनी गावाला जाग आली होती. तीही सरपंचाने दुसऱ्या तालुक्यात असा दगड पाहिला आणि आपल्याकडेही हवा असं त्याला वाटलं म्हणून. त्याआधी नंदलाल कुठे मेला असं विचारलं असतं तर निम्म्या गावाने बेधडक कारगिल सांगितलं असतं. कारगिल म्हटलं की लोक ताठ उभे राहतात. लंका म्हटलं की तोंडाकडे बघतात. ‘लंकेत? तिकडे आपलं काय काम होतं?’ नंदलालच्या बायकोला, सुमनबाईला, ह्या प्रश्नाचं उत्तर आयुष्यात कधी देता आलं नव्हतं, आणि खरं सांगायचं तर ते दिल्लीतल्या मोठमोठ्या लोकांनाही कधी धड देता आलं नाही. शांतता करायला म्हणून फौज समुद्रापलीकडे पाठवली, अडीच वर्षं ती तिकडे लढली, हजाराहून जास्त पोरं गमावली, आणि उरलेली परत आली तेव्हा देश दुसऱ्याच कशात तरी गुंतला होता.

नंदलालचा देह घरी आलाच नाही. तिकडेच अग्नी दिला म्हणाले. सुमनबाईच्या वाट्याला एक तार आली, एक हिरवी ट्रंक आली, आणि एक वाक्य आलं. ट्रंक घेऊन हिरालाल आला होता, नंदलालच्याच दहा जणांच्या सेक्शनमधला, सडक अर्जुनीचा. ती तेव्हा एकवीस वर्षांची होती आणि अल्का पोटात होती. हिरालाल अंगणात उभा राहून म्हणाला होता, “जागेवरच गेला, वहिनी. दुखलंसुद्धा नाही त्याले.” ह्या वाक्यावर सुमनबाईने अडतीस वर्षं काढली. सासू गेली, दीर वेगळा निघाला, एकटीने दोन एकर धान केलं, पोरीला शिकवलं. अवघड वेळ आली की ती मनाशी म्हणायची, त्याला तरी दुखलं नाही ना, मग झालं.

आणि हिरालाल नुसतं वाक्य देऊन निघून गेला नव्हता. पेन्शनवर आल्यावर तो बँकेत गार्ड होता, तरी दरवर्षी रोवण्याला, म्हणजे लावणीला, दोन दिवस आणि कापणीला दोन दिवस सुट्टी काढून यायचा. अल्काच्या शाळेच्या दाखल्यापासून लग्नातल्या मांडवापर्यंत सगळीकडे तोच उभा होता. त्याची एक खोड मात्र गावात चेष्टेचा विषय झाली होती. शेतात तो कधी धुऱ्यावरून चालायचा नाही. दोन बांध्यांच्या, म्हणजे खाचरांच्या, मधला उंच, कोरडा धुरा सोडून हा बाबा गुडघाभर चिखलातून जायचा. बाया पदराआड हसायच्या. तो म्हणायचा, “सवय आहे जी.”

अल्का आता त्याच शाळेत शिक्षिका होती. दगडावरच्या ओळी तिलाच लिहायच्या होत्या. शिवाय तिच्या मनात आलं, नंदलालच्या सेक्शनमधले जे कोणी जवळपास आहेत त्यांना घरी बोलवावं, त्यांच्या आठवणी मोबाईलवर घ्याव्यात आणि सव्वीस तारखेला पोरांना लाऊडस्पीकरवर ऐकवाव्यात. जवळपास होते दोघंच. एक हिरालाल, आणि दुसरा चुन्नीलाल कटरे. हा पोवार म्हातारा सत्तरीचा. त्या काळी सेक्शनचा वायरलेस त्याच्या पाठीवर असायचा. तो ह्या घरी पहिल्यांदाच आला होता. त्याचा पत्ताही अल्कानेच सैनिक बोर्डातून काढला होता. हिरालालला ही गोष्ट दारात शिरल्यावर कळली. चुन्नीलालला खुर्चीत बसलेला पाहून तो उंबऱ्यातच थबकला, हे सुमनबाईने पाहिलं. पण जुने सोबती, गलबलून आलं असेल, असं तिने धरून घेतलं.

चुन्नीलाल बोलका निघाला. मोबाईल लावल्या लावल्या सुटलाच.

“मद्रासवरून जहाजात बसलो. आमच्या गावच्या तलावात डोंगा चालवनं वेगळं अन् हे वेगळं. नंदलाल रातभर उलट्या करे अन् मले म्हने, कटरेभाऊ, लंकेत गेल्यावर पहिले मी जमिनीवर झोपतो.” तो खो खो हसला. “अन् जमीन पायली तं काय! तलाव, तलावाची पार, पारीच्या खालती धानाच्या बांध्या. मी म्हनलं, अरे, ही तं केशोरीच होय! नंदलाल एका बुढ्याच्या बांधीत उतरून धानाची जात पाहून राहिला होता. भाषा समजे नाही, पन धानावरून त्या दोघायचं अर्धा घंटा बोलनं चाललं.”

सुमनबाई दारात वांगी चिरत बसली होती. तिला फार बरं वाटलं. अडतीस वर्षांत नवऱ्याची नवी गोष्ट तिला कोणी सांगितली नव्हती. हिरालालकडे गोष्टी नव्हत्याच. तो काम करायचा, जेवायचा आणि जायचा. ती अल्काला म्हणाली, “ह्यांले आधीच बोलवाले पायजे होतं.”

हिरालाल खाली फरशीकडे बघत होता.

मग अल्काने कागद घेतला. “काका, मी दोन ओळी लिहिल्यात. तुम्ही दोघं तिथे होता, बरोबर आहे का सांगा. ‘जानेवारी १९८८, श्रीलंका. शत्रूशी लढताना सुरुंगाच्या स्फोटात जागीच वीरगती.’”

“जागीच कायची?” चुन्नीलाल म्हणाला. “चार घंटे आवाज देत होता ना तो. दोन वाजता माईन फुटली, सहा वाजेपर्यंत जिंदा होता. सेट माह्याच पाठीवर होता, मीच तं दर अर्ध्या घंट्यानं कंपनीले सांगत होतो.”

सुमनबाईच्या मनात पहिल्यांदा आलं ते असं की म्हातारा घोटाळा करतोय, दुसऱ्याच कुणाची गोष्ट सांगतोय. सत्तरीत होतं असं. तिने हिरालालकडे पाहिलं. तो आता चुन्नीलालला ‘नाही, तसं नाही’ म्हणेल, म्हणून वाट पाहिली. त्याचं खाली झुकलेलं डोकं तसंच राहिलं, आणि तिच्या हातातलं वांगं निसटून परातीत पडलं.

“हिरालालभाऊ?”

“हाव, वहिनी.”

“चार घंटे?”

“हाव.”

तिला वाटलं आपण ओरडावं. “का म्हनत होता?” एवढंच तिने विचारलं.

“पानी मांगे. मंग तेबी बंद झालं. नंतर घरच्या बांधीचं बोले. म्हने, बांध फोडा, पानी लगित झालं, धान कुजून जाईन.” हिरालालचा आवाज ऐकू यावा म्हणून अल्काला मोबाईल त्याच्याजवळ सरकवावा लागला. “आमाले ऑर्डर होती वहिनी, धुऱ्यावर पाय ठेवाचा नाही. धुऱ्यात माईन रायते. बांधीतून चालाचं, धानातून. धान लोंबीवर आलं होतं. आमी नऊ जन तुडवत गेलो. नंदलाल पाचसा पावलं आला अन् थांबला. म्हने, हिऱ्या, लोंबीवरचं धान हाय रे, पाय कसा ठेवू? साहेब वरडले. हा म्हने, एवढी एकच बांधी, साहेब. अन् चढला धुऱ्यावर.”

पुण्या-मुंबईच्या माणसाला हे खुळेपण वाटेल. परक्या मुलखात, परक्याचं धान, आणि वर जिवावरचा प्रसंग. पण ज्याच्या घरात चार पिढ्या धान पिकतं त्याला लोंबीवरच्या धानात पाय घालवत नाही. जणू घरचंच पोर पाळण्यात झोपलंय आणि कोणी म्हणतंय, जा त्याच्यावरून चालत. ह्या भागात लोंबीवरच्या धानात गाय शिरली म्हणून सख्खे भाऊ जन्माचे अबोल झाले आहेत. सुमनबाईला नवऱ्याचं वागणं क्षणभरही खुळेपणाचं वाटलं नाही. हा नंदलालच. दुसरं काही त्याने केलं असतं तरच तिला नवल वाटलं असतं.

“मग तुम्ही नऊ जण काय करत होता?” अल्काचा आवाज चिरका झाला होता. “चार तास माणूस ओरडतोय आणि कोणीच गेलं नाही?”

“ताडाच्या झाडायतून फायर येऊन राहिला होता, बेटा,” हिरालाल म्हणाला. “आमी तलावाच्या पारीमागं पडून होतो. डोकं वर केलं का गोळी. एकाचा कान गेला.”

“गेला ना पन!” चुन्नीलाल मध्येच म्हणाला. “तो बुढा गेला.”

“कटरेभाऊ, चूप राहा,” हिरालाल म्हणाला.

“कायले चूप राहू? चांगल्याची गोष्ट हाय ते.”

“बोलू द्या त्यांले,” सुमनबाई म्हणाली.

चुन्नीलाल तिच्याकडे वळून बसला. बोलायला मिळालं की त्या म्हाताऱ्याला आजूबाजूचं भान राहत नव्हतं. “ज्याची बांधी होती ना, तो बुढा. बांधीच्या कोपऱ्यात त्याची झोपडी होती. दुपारी आमी त्याचं धान तुडवत गेलो तं हात बांधून पाहत होता बिचारा. दहा जनायतला एकच मानूस धुऱ्यावर चढला, हे त्यानं पायलंच असन. माईन कुठं कुठं हाय हे त्याले ठाऊक होतं, गाडनारे त्याच्याच डोऱ्यासमोर गाडून गेले असतीन. पाच वाजता निंगाला घरून. फायर चालू हाय अन् हा रांगत रांगत धानातून गेला. आमी दुर्बिनीतून पायलं. पानी पाजलं त्यानं नंदलालले. आपल्या लुंगीनं पाय बांधला. अन् अंधार पडाले लागला तसा पाठीवर घेतला अन् आमच्याकडं चालत निंगाला...”

इथे चुन्नीलाल थांबला. इतका वेळ घोड्यावर बसल्यासारखा दौडत होता, तो एकदम थांबला. त्याने हिरालालकडे पाहिलं आणि त्याचा चेहरा उतरला. आपण कुठे येऊन पोचलो हे त्याला आत्ता समजलं होतं.

“मंग?” सुमनबाईने विचारलं.

चुन्नीलाल टोपी चाचपू लागला. “मले आता याद नाही राहत जी. वय झालं.”

“मंग का झालं, हिरालालभाऊ?”

“मी फायर केला,” हिरालाल म्हणाला.

अल्काने “काय?” असं विचारलं, जणू ऐकू आलं नाही.

“सेंट्रीवर मी होतो, पारीच्या दुसऱ्या टोकाले, एकटा. साहेबाची ऑर्डर होती, धानातून जे येईन त्याच्यावर फायर. अंधार होता, धुकं होतं. लुंगीवाला मानूस दिसला, पाठीवर काहीतरी हाय येवढंच दिसलं. ओळखू नाही आलं. तीन राउंड गेले. दोघंबी तिथंच पडले. जवळ गेल्यावर पायलं.” त्याने पहिल्यांदा मान वर केली. “रिपोर्टमधी माईन लिवलं. साहेब म्हनले, त्याच्या बायकोले तेच बरं.”

सुमनबाई बसल्या जागी गारठली. जानेवारीचं ऊन दारातून तिच्या पाठीवर पडलं होतं आणि तिला हुडहुडी भरली होती. ह्या माणसाला तिने आपल्या हाताने वाढलं होतं. एकदा दोनदा नव्हे, अडतीस वर्षं. नव्या तांदळाचा पहिला भात घरातल्या कोणाआधी तिने ह्याच्या ताटात घातला होता. लग्नात अल्काच्या पाठीशी बाप म्हणून हाच उभा राहिला आणि गाव म्हणालं, असा भाऊ मिळायला भाग्य लागतं. भाग्य! शिव्या आठवत होत्या, एकही पुरेशी वाटत नव्हती. आणि ह्या सगळ्याच्या वर एकच गोष्ट डोक्यात घण घालत होती. नवरा वाचला होता. पाय गेला असता, पण पाण्याचा घोट घेऊन, कुणाच्या तरी पाठीवर बसून तो परत येत होता.

अल्काने मोबाईल उचलला. दोनदा चुकून तिसऱ्यांदा तिने रेकॉर्डिंग पुसून टाकलं.

“आई, हे इथेच संपलं,” ती म्हणाली. “हे कोणालाच सांगायचं नाही. दगडावर लिहिलंय तेच जाईल. पोरांना मी काय सांगू, माझ्या बापाला आपल्याच माणसाने मारलं? सरपंच, बीडीओ, सगळे येणार आहेत. लोक काय काय बोलतील. मी आत्ता पाठवते मजकूर.”

“बरोबर हाय बेटी,” चुन्नीलाल घाईघाईने म्हणाला. “मी इसरून गेलो समज.”

हिरालालचे खांदे किंचित सैल झाले, आणि नेमकं तेच सुमनबाईच्या नजरेतून सुटलं नाही. हा सुटतोय, तिला वाटलं. दुसऱ्यांदा सुटतोय.

“त्या बुढ्याले बायको होती का?” तिने विचारलं.

प्रश्न कळायला सगळ्यांना वेळ लागला.

“होती,” हिरालाल म्हणाला.

“तिले कोनी सांगतलं?”

“सांगाचं काम नाही पडलं, वहिनी. झोपडीच्या दारातच उभी होती.”

सुमनबाईने डोळे मिटले. तिच्या अंगणात निदान एक माणूस टोपी काढून उभा राहिला होता. निदान खोटं बोलायला तरी कोणी आलं होतं. त्या बाईकडे कोण गेलं असेल? नवरा परक्या शिपायाला पाणी पाजायला गेला आणि ज्याच्याकडे घेऊन गेला त्यानेच मारला. तिची ती बांधी, नऊ जणांनी तुडवलेली, कोणी कापली असेल?

“अल्का, मोबाईल लाव,” ती म्हणाली.

“आई...”

“लाव म्हनलं ना. अन् तुमी, हिरालालभाऊ, पहिल्यापासून सांगा. तुमचा नंबर सांगा, नाव सांगा, समदं सांगा. घाई नाही मले.”

अल्काने आईकडे पाहिलं आणि मुकाट्याने मोबाईल फरशीवर ठेवला. हिरालालने घसा खाकरला. मग तो पाठ ताठ करून बसला, साहेबापुढे बसल्यासारखा. नंबर सांगितला, हुद्दा सांगितला, नाव, गाव, तालुका सांगितला. जहाज आलं, तलाव आला. लोंबीवरचं धान आलं, धुरा आला. दोन वाजले. पाच वाजता बुढा निघाला. सुमनबाईने डोळ्याला पदर लावला नाही. ती नुसती त्याच्या तोंडाकडे बघत होती.

“अंधार होता. धुकं होतं. लुंगीवाला मानूस दिसला. मी फायर केला.” तो थांबला.

“पुढं.”

“पुढं काई नाही वहिनी. तीन राउंड.”

“फायर कराच्या आधीचं सांगा मंग. चार घंटे आवाज देनारा मानूस. पाठीवर बसून तुमच्याकडं येऊन राहिला होता. अन् तो चूप होता?”

हा प्रश्न अडतीस वर्षांत हिरालालला कोणी विचारला नव्हता. साहेबाने नाही, रिपोर्ट लिहिणाऱ्याने नाही, शेजारी बसलेल्या चुन्नीलालनेही नाही. चुन्नीलाल आता त्याच्याकडे डोळे फाडून बघत होता.

“नव्हता,” हिरालाल म्हणाला.

“का म्हनला?”

“म्हनला, हिऱ्या, फायर नोको करू. मी हावो.”

“तुमाले ऐकू आलं?”

“आलं.”

“ओळखला?”

“ओळखला, वहिनी.” तो आता लहान पोरासारखा रडत होता, नाक, डोळे, सगळं वाहत होतं आणि पुसायचं त्याला सुचत नव्हतं. “आमाले सांगून ठेवलं होतं, ते लोक आपल्याच जखमी मानसाले बॉम्ब बांधून पाठवतेत. आपल्याच आवाजात बोलवतेत. मले भेव वाटलं. आवाज त्याचाच हाय हे समजलं, अन् तरीबी बोट दाबलं. मले मराचं नव्हतं, वहिनी. येवढंच खरं हाय. मले मराचं नव्हतं.”

चुन्नीलाल उठून अंगणात गेला. अल्काने दोन्ही हातांनी तोंड दाबून धरलं होतं. मोबाईलवरचे आकडे पुढे सरकत होते.

मग सुमनबाई म्हणाली, “अल्का, त्या गोंदियाच्या मानसाले सांग, दगडावर नुसतं नाव कोर. खालच्या ओळी नोको.”

“मग खाली काय, आई?”

“खालचं हे सांगतीन. सव्वीस तारखेले, माइकवर, समद्या गावापुढं.” ती हिरालालकडे वळली. “आता जसं सांगतलं तसंच सांगजा. त्या बुढ्याचं सांगजा, त्याच्या बायकोचं सांगजा. अन् शेवटचं बी सांगजा. एक शब्द कमी नोको.”

“लोकं मले जित्ता नाही ठेवनार, वहिनी.”

“ठेवतीन. मी बाजूच्या खुर्चीवर बसून राहीन. तुमाले कोनी हात नाही लावनार.”

हिरालालने बाहीने तोंड पुसलं. ओल्या डोळ्यांनी तो तिच्याकडे बघत राहिला, आणि त्याच्या चेहऱ्यावर कसलीशी आशा दिसली.

“सांगतो, वहिनी,” तो म्हणाला. “अन् मंग?”

“मंग माह्या घरी येऊ नोका, भाऊ.”